राऊल कुतारची 'स्टाइल' म्हणजे नक्की काय?

अर्धवट_रीळ:

नमस्कार मंडळी. गेले दोन महिने रोज रात्री एक जुना फ्रेंच सिनेमा असा नेम केलाय, रोज जमत नाही पण आठवड्यातून दोनतीन तरी होतात. आत्तापर्यंत 'ब्रेथलेस', 'ज्यूल्स अँड जिम', 'कंटेम्प्ट', 'अल्फाव्हिल' आणि 'वीकेंड' झाले. मग श्रेयनामावली नीट बघायला लागलो तर पाचही ठिकाणी कॅमेऱ्यावर एकच नाव, राऊल कुतार. आणि मी गोंधळलो.

कारण जिथे जावं तिथे लोक लिहितात "कुतारची स्टाइल", "कुतारचा लुक". अहो पण कुठला लुक? 'ब्रेथलेस'मध्ये कॅमेरा हातात, हलतोय, रस्त्यावरचे लोक वळून वळून लेन्समध्ये बघतायत. 'कंटेम्प्ट' एकदम रुंद, रंगीत, थंडगार, कॅमेरा कसा आब राखून सरकतो. 'अल्फाव्हिल' तर काळ्याकुट्ट रात्रीत चालू होतो आणि तिथेच संपतो. हे तिन्ही एकाच माणसाने केलेत हे कोणी सांगितलं नसतं तर मला सात जन्मात कळलं नसतं.

तर प्रश्न असा की याची स्वतःची स्टाइल होती, की दिग्दर्शक गोदार सांगेल तसं तो करत गेला आणि प्रोड्यूसरच्या खिशात जेवढं होतं तेवढ्यात भागवत गेला? माझा एक मित्र म्हणतो की तो नुसता फोटोग्राफर होता, योग्य वेळी योग्य ठिकाणी सापडला, बाकी काही नाही. मला ते पटत नाहीये पण खोडूनही काढता येत नाहीये. जाणकारांनी मदत करा, आणि पुढे काय बघावं तेही सांगा.


जुना_प्रोजेक्टर:

मित्राचं अर्धं बरोबर आहे, फोटोग्राफरच होता. पण "नुसता" हा शब्द काढायला सांगा त्याला.

कुतार पॅरिसचा, जन्म १९२४. शिकायचं होतं केमिस्ट्री, पैसे नव्हते म्हणून फोटो लॅबमध्ये लागला. हे लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडणार आहे. १९४५ मध्ये सैन्यातून इंडोचायनाला (आताचा व्हिएतनाम आणि आसपासचा भाग) गेला आणि तिकडेच दहाअकरा वर्षं राहिला, आधी फ्रेंच लष्कराच्या माहिती खात्यासाठी लढाईचे फोटो, मग मासिकांसाठी. आता विचार करा, लढाईत फोटो काढणाऱ्याला "थांबा हं जरा, लाइट लावतो" म्हणायची सोय असते का? जो उजेड असेल त्यात, जिथे उभा असशील तिथून, आत्ताच्या आत्ता. हे दहा वर्षं केल्यावर हात आणि डोळा ज्या पद्धतीने चालायला लागतात ती सवय त्याने सिनेमात आणली.

सिनेमात आला तो पण गंमतीने. तिकडे त्याची ओळख झाली पिएर शोंडोर्फरशी, तो लष्कराचा मूव्ही कॅमेरामन, १९५४ मध्ये दिएन बिएन फूच्या लढाईत पकडला गेलेला. त्याने नंतर कुतारला अफगाणिस्तानात एका सिनेमाच्या शूटिंगला बोलावलं. कुतारला वाटलं स्टिल फोटो काढायला बोलावलंय. तिथे गेल्यावर कळलं की आपण कॅमेरामन! त्याआधी त्याने मूव्ही कॅमेरा चालवला नव्हता आणि पहिलाच सिनेमा सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याचा. त्याचा प्रोड्यूसर होता जॉर्ज द बोरगार, आणि याच बोरगारने पुढे 'ब्रेथलेस' काढताना कुतारला गोदारच्या गळ्यात मारला. गोदारच्या डोक्यात दुसराच कोणीतरी होता.

आता 'ब्रेथलेस'. १९५९ च्या ऑगस्ट-सप्टेंबरात शूटिंग. गोदारला हवं होतं की लाइट लावायचेच नाहीत, हॉटेलच्या खोलीतही नाही, संध्याकाळच्या रस्त्यावरही नाही. त्या वेळच्या सिनेमाच्या फिल्मला एवढ्याशा उजेडात काही दिसलंच नसतं. कुतार स्टिलवाला, त्याला माहीत होतं की इलफर्ड कंपनीची एचपीएस नावाची फिल्म आहे, स्पीड ४०० एएसए (आकडा जितका मोठा तितका कमी उजेड पुरतो), पण ती स्टिल कॅमेऱ्यासाठी, १७.५ मीटरच्या गुंडाळ्यांमध्ये मिळते. १७.५ मीटर म्हणजे सेकंदाला २४ फ्रेमच्या हिशेबाने जेमतेम ३८ सेकंद! मग काय, गुंडाळ्या एकाला एक चिकटवून मोठं रीळ करायचं. बरं, स्टिलच्या फिल्मची भोकं आणि सिनेमाच्या फिल्मची भोकं सारखी नसतात, बहुतेक कॅमेऱ्यांत ती चाललीच नसती. चालली ती एक्लेअर कंपनीच्या कॅमेफ्लेक्स कॅमेऱ्यामध्ये. म्हणून कॅमेफ्लेक्स. तो इतका आवाज करायचा की सोबत साउंड घेणं अशक्य, म्हणून सगळे संवाद नंतर डब केले. आणि साउंड घ्यायचाच नाही म्हटल्यावर गोदार शूटिंग चालू असताना नटांना ओरडून संवाद सांगू शकत होता. एका फिल्मच्या डब्यापासून सुरुवात झाली आणि अख्ख्या सिनेमाचा स्वभाव ठरला, बघा.

वर ती फिल्म लॅबमध्ये पुश करून, म्हणजे धुताना तिचा स्पीड वाढवून, ८०० एएसए पर्यंत नेली. त्यासाठी वेगळं डेव्हलपर, वेगळा वेळ, आणि लॅबवाले तर सगळ्यांचा माल एकाच केमिकलमधून एकाच वेगाने काढणार, त्यांना मनवावं लागलं. हे "जो उजेड आहे त्यात शूट केलं" असं एका वाक्यात सांगतात लोक, पण त्याच्यामागे लॅबमध्ये राबलेला माणूस आहे. केमिस्ट्री वाया नाही गेली.


तिरकस_चष्मा:

प्रोजेक्टरराव, माहिती नेहमीसारखीच झकास, पण मी जरा उलट बाजूने बोलतो, राग मानू नका.

गरिबीचं कौतुक फार होतं या मंडळींच्या बाबतीत. कॅमेरा सरकवायची ट्रॉली परवडत नव्हती म्हणून व्हीलचेअर घेतली, कॅमेरा घेऊन कुतार तिच्यात बसला आणि गोदार ढकलतोय. पॅरिसच्या शाँझेलिझे रस्त्यावर परवानगी वगैरे भानगडीत पडायचं नव्हतं म्हणून पोस्टाच्या तीनचाकी ढकलगाडीत कॅमेऱ्यासकट लपून शूटिंग. किस्से मस्त आहेत. पण त्याला स्टाइल म्हणायचं? पैसे असते तर ट्रॅक टाकला असता आणि कोणाला पत्ताही लागला नसता.

दुसरं, 'ब्रेथलेस'मधलं ज्याचं सगळ्यात जास्त नाव होतं ते जम्प कट, ते एडिटिंग टेबलावर झालेत, सिनेमा लांबला म्हणून मधले मधले तुकडे काढले. त्यात कॅमेरामनचं काय? आणि लोक लेन्समध्ये बघतायत ही चूक आहे हो, चूकच आहे, साठ वर्षांनी तिला आपण ताजेपणा म्हणतोय इतकंच.

मूळ प्रश्नाला माझं उत्तर: हुशार, चपळ, सांगितलेलं काम पटकन करणारा माणूस. स्टाइल गोदारची.


उजेडवाली:

तिरकस, जम्प कटचं शंभर टक्के मान्य. पण "पैसे असते तर वेगळं केलं असतं" हे चुकीचं आहे आणि ते चुकीचं आहे हे दाखवता येतं, कारण पैसे आले ना पुढे!

१९६१ मध्ये गोदारने नटी आना करीनाला घेऊन रंगीत आणि स्कोपमध्ये सिनेमा केला, 'अ वुमन इज अ वुमन'. या वेळी स्टुडिओ, सेट, सगळं. आता स्टुडिओतला सेट म्हणजे वर छत नसतं, वरून लाइट टांगता यावेत म्हणूनच नसतं, आणि भिंती हव्या तेव्हा काढता येतात, म्हणूनच तर लोक स्टुडिओत जातात. या दोघांनी काय केलं, तर फ्लॅटचा सेट छतासकट बांधून घेतला आणि भिंती हलवायच्या नाहीत असं ठरवलं! खऱ्या घरात जी अडचण होते ती पैसे देऊन बांधून घेतली. ही गरिबी नाही ना मग, ही आवड झाली.

मी स्वतः छोट्यामोठ्या शूटवर लाइटच्या टीममध्ये काम केलंय, म्हणून या माणसाबद्दल मला काय वाटतं ते जरा लाइटच्या बाजूने सांगते. त्याच्या आधीची स्टुडिओची पद्धत काय, तर नटाच्या चेहऱ्याला लाइट. हिरॉइनचा की लाइट, म्हणजे मुख्य दिवा, इकडून, केसांना मागून बॅक लाइट, गालाखालची सावली मोडायला एक फिल, आणि मग बाई, तुम्ही या खडूच्या खुणेवर उभ्या राहा, इंचभर सरकलात तर सगळं गेलं. दुसरा शॉट घ्यायचा तर परत तासभर. नट लाइटचा गुलाम असतो त्यात, आणि दिग्दर्शक वाट बघत बसतो.

कुतारने चेहरा सोडला आणि खोलीला लाइट केलं. फोटोफ्लड दिवे (फोटोसाठीचे प्रखर बल्ब) घ्यायचे, भिंतीच्या वरच्या कडेला लावायचे, तोंड छताकडे. उजेड छतावर आपटून खाली येतो, मऊ, सगळीकडे जवळजवळ सारखा, दिवसा खिडकीतून येतो ना तसा. आता खोलीत कुठेही जा, बसा, लोळा, उठून दारापर्यंत जा, कॅमेरा वळून मागे येऊ दे, फ्रेममध्ये दिवा दिसणार नाही आणि एक्स्पोजर पण मोडणार नाही. म्हणजे त्याने सुंदर फ्रेम दिली की नाही हा मुद्दा दुसरा, आधी त्याने मोकळी जागा दिली आणि वेळ दिला. गोदार ज्या पद्धतीने सकाळी संवाद लिहून दुपारी शूट करायचा ते असल्या लाइटिंगशिवाय शक्यच नव्हतं. त्यामुळे "स्टाइल गोदारची" म्हणताना जरा थांबा, गोदारला गोदार होऊ देणारा हा माणूस आहे.

याची किंमतही आहे, ती लपवत नाही. सगळीकडून मऊ उजेड आला की चेहरे सपाट दिसतात, डोळ्यांखाली सावली साचते, हिरॉइन हिरॉइन दिसत नाही. जुन्या कॅमेरामन लोकांना हे बघून कसंतरीच होत असणार. कुतारला चालत होतं.


अर्धवट_रीळ:

वा, हे "खोलीला लाइट" एकदम डोक्यात बसलं. 'ब्रेथलेस'मधला तो हॉटेलच्या खोलीतला लांबलचक सीन परत लावून बघितला, बेलमाँदो आणि जीन सीबर्ग अक्षरशः कुठेही फिरतायत, पांघरुणात काय, खिडकीपाशी काय, कॅमेरा नुसता मागे मागे. पूर्वी हे लक्षातच आलं नव्हतं.

पण मग 'कंटेम्प्ट'चं काय? तो तर नटांच्या मागे मागे पळत नाही. आणि रात्रीचं काय, 'अल्फाव्हिल'मध्ये खिडकीतला उजेड कुठून आणणार?


जुना_प्रोजेक्टर:

'अल्फाव्हिल' १९६५ चा. भविष्यातलं शहर दाखवायचं आणि एकही सेट नाही, एक मॉडेल नाही, सगळं तेव्हाचं पॅरिस, काचेच्या नव्या इमारती, लांबच लांब कॉरिडॉर, जिने, लिफ्ट. आणि परत तीच इलफर्ड एचपीएस, परत लाइट नाही. रस्त्यावरचे दिवे, हॉटेलच्या लॉबीतले दिवे, गाड्यांचे हेडलाइट, संपलं. पण 'ब्रेथलेस'मध्ये हीच फिल्म दिवसाचा उजेड साठवते आणि इथे तीच फिल्म अंधार दाखवते. काळं म्हणजे खरंच काळं, त्यात काही शोधू नका, काही नाहीये. दिव्याभोवती पांढरं फुटलेलं, ग्रेन, म्हणजे फिल्मचे दाणे, रांगोळीसारखा सांडलेला. सुरुवातच आठवा, एक गोल दिवा उघडझाप करतोय, बस. आणि शेवटी शेवटी तर चक्क निगेटिव्हमध्येच काही शॉट आहेत, काळ्याचं पांढरं आणि पांढऱ्याचं काळं. मला विचाराल तर त्याचं ब्लॅक अँड व्हाइटमधलं सगळ्यात धाडसी काम हे, 'ब्रेथलेस' नव्हे.

'कंटेम्प्ट'वर मी बोलणार नाही, तो सिनेमा मला आजही झोप आणतो. दुसरं कोणी बोला.


मधली_ओळ:

झोप?! प्रोजेक्टर, तुमचं माझं भांडण पक्कं.

मी बोलते 'कंटेम्प्ट'वर. पहिला शॉट आठवतोय का? १९६३ चा सिनेमा, फ्रान्स्कोप (रुंद पडदा), आणि सुरुवातीला नावं पडद्यावर येतच नाहीत, कोणीतरी वाचून दाखवतं. समोर एका ट्रॅकवरून ट्रॉलीवर मिचेल कॅमेरा आपल्याकडे सरकत येतोय, त्याच्यामागे जो माणूस बसलाय तो स्वतः कुतार. जवळ येऊन थांबतो, कॅमेरा वळवतो आणि लेन्स थेट आपल्यावर रोखतो. कॅमेरामनला नटासारखं उभं केलंय, म्हणजे बसवलंय. गोदारला कुतार फक्त "सांगितलेलं काम करणारा" वाटत असता तर त्याने सिनेमाचा दरवाजा त्याच्या हातात दिला असता का?

आणि अर्धवट_रीळ, तुम्ही म्हणता कॅमेरा पळत नाही. पळत नाहीच, पण मधला तो अर्ध्या तासाचा फ्लॅटमधला सीन बघा. नवीन, पांढऱ्या भिंतींचा, अजून सामान नीट लागलेलं नाही असा फ्लॅट. लाल सोफा, निळी खुर्ची, नवरा झालेला पिकोली पांढरी चादर गुंडाळून रोमन सिनेटरसारखा हिंडतोय, बायको झालेली बार्दो लाल टॉवेलमध्ये. इथे पण पूर्ण घर उजळलेलं आहे, एका खोलीतून दुसरीकडे दारांतून बघता येतं, म्हणजे उजेडवाली म्हणतात तेच, जागेला लाइट. फक्त इथे ती मोकळीक नटांना पळायला दिली नाही, एकमेकांपासून लांब जायला दिलीय. स्कोपची फ्रेम इतकी रुंद की नवराबायको दोन टोकांना आणि मधे भिंत.

मग तो दिव्याचा शॉट. दोघं समोरासमोर बसलेत, मधे टेबललॅम्प. साधा माणूस एकदा हिचा क्लोजअप, एकदा त्याचा क्लोजअप असं कापून दाखवेल. इथे कट नाही, कॅमेरा हिच्याकडून दिव्यावरून त्याच्याकडे, परत दिव्यावरून हिच्याकडे, हळूहळू, आणि पिकोली दिवा लावतोय, विझवतोय. कॅमेरा संवादाची वाट बघत नाही, कधी जो बोलत नाही त्याच्यावरच थांबतो. लग्न मोडताना पाहिलंय मी जवळून, हे असंच असतं, आवाज एकाचा येतो आणि आपण बघत दुसऱ्याकडे असतो.

कॅप्रीतला शेवटचा भाग, मालापार्तेचं ते घर, समुद्र, छतावर जाणाऱ्या त्या रुंद होत जाणाऱ्या पायऱ्या, त्यावर बोलत नाही नाहीतर थांबणार नाही मी.


तिरकस_चष्मा:

दोघींनी मिळून मला कोपऱ्यात घेतलंय. बरं, छत असलेल्या सेटचा मुद्दा मानला, त्यावर माझ्याकडे उत्तर नाही.

पण एक नोंद करून ठेवतो, बाउन्स लाइट (हा छतावरून वगैरे परतवलेला उजेड) म्हणजे कुतारचा शोध असं जे सर्रास लिहिलं जातं ते नको. सत्यजित राय यांचा कॅमेरामन सुब्रत मित्राने 'अपराजितो'च्या वेळी, म्हणजे १९५६ लाच, सेटवर कापड ताणून त्यावरून उजेड परतवून बनारसच्या घराच्या चौकातला दिवसाचा उजेड उभा केला होता. कुतारचा पहिला सिनेमा तेव्हा प्रदर्शितही झाला नव्हता. एकाने दुसऱ्याचं बघून केलं असं म्हणायचं नाहीये, दोघांना खरा दिवस हवा होता आणि दोघं वेगवेगळ्या वाटेने तिथे पोचले. मित्राचा उजेड मला जास्त आवडतो, त्याला दिशा असते. हे माझं मत.

आणि हातातला कॅमेरा म्हणजेच कुतार, हे पण डोक्यातून काढा. 'वीकेंड'मधला ट्रॅफिक जाम आठवा, जवळजवळ तीनशे मीटरचा ट्रॅक टाकलाय रस्त्याच्या कडेने, आठेक मिनिटं कॅमेरा एकाच संथ वेगाने पुढे जातोय, हॉर्न बोंबलतायत, कोणी चेंडू खेळतंय, कोणी बुद्धिबळ, आणि शेवटी कशामुळे अडलंय ते दिसतं तेव्हाही कॅमेरा चमकत नाही, थांबत नाही, रक्त बघून पुढे जातो. मधे पाट्या टाकून गोदारने तो तोडलाय ही त्याची खोडी. त्याच सिनेमात शेतावरच्या अंगणात पियानो वाजतोय आणि कॅमेरा जागच्या जागी गोल फिरतोय, एकदा पूर्ण, परत पूर्ण, मग उलटा. हातातल्या कॅमेऱ्यावर ज्याने नाव कमावलं त्याने हे केलंय.

तर मित्राला सांगा की तिरकस_चष्मा अर्धा शरण आलाय. अर्धाच.


उजेडवाली:

अर्धा पुरे.

रंगाचं कोणी बोललं नाही अजून. 'पिएरो ल फू', १९६५. सुरुवातीची पार्टी बघा, लोक जाहिरातीतली वाक्यं बोलतायत आणि प्रत्येक शॉटला आख्खी फ्रेम एका रंगात, लाल, मग हिरवी, मग निळी. आणि रात्री गाडीतला तो शॉट, काचेवरून लाल, हिरवे, पिवळे दिवे गोल गोल सरकत जातात, खऱ्या रस्त्यावर दिवे असे कधीच सरकत नाहीत. गाडी जागेवर उभी आहे स्टुडिओत, दिवे माणसांनी फिरवलेत! आणि ते खोटं आहे हे लपवायची अजिबात धडपड नाही. रात्री शहरातून गाडी चालवताना डोळ्यांत जे उरतं तेवढंच घेतलंय. "कुतार म्हणजे नॅचरल लाइट" म्हणणाऱ्यांना हा शॉट दाखवत जा. नंतर ते दोघं दक्षिणेला समुद्राकडे जातात तेव्हा मात्र सूर्य आणि समुद्र जसेच्या तसे, भगभगीत, आणि त्यातच ती निळी, लाल कपड्यांची ठिगळं.

गोदार सोडून बाकीच्यांबरोबर काय केलं ते कोणी सांगेल का, नाहीतर त्याला गोदारचा हात समजूनच बसतील सगळे.


जुना_प्रोजेक्टर:

सांगतो. (आणि मधली_ओळ, भांडण नंतर करू.)

दिग्दर्शक त्रुफोबरोबर पूर्ण लांबीचे चार. 'शूट द पियानो प्लेअर', 'ज्यूल्स अँड जिम', 'द सॉफ्ट स्किन' आणि १९६८ चा 'द ब्राइड वोर ब्लॅक'. या शेवटच्याच्या वेळी दोघांचं बिनसलं, रोजचे वाद, परत एकत्र आले नाहीत. गोदारबरोबर वर्षाला दोनतीन सिनेमे करणारा माणूस, त्याला आपण काय करतोय हे बोलत बसायची सवय नव्हती, आणि त्रुफो ठरवून करणारा. 'ज्यूल्स अँड जिम' मात्र बघाच परत, कॅमेरा नुसता आनंदाने हुंदडतोय, सायकलींच्या मागे काय, पुलावरच्या शर्यतीत काय, आणि मधेच नायिका ज्यान मोरो हसताना फ्रेम गोठते. (गोठवणं लॅबचं काम, माहीत आहे, तिरकस, बोलू नका.)

दिग्दर्शक ज्याक दमीचा पहिला मोठा सिनेमा 'लोला', १९६१, नाँत शहरात. हा विसरतात लोक. कुतारचा पांढरा रंग बघायचा असेल तर इथे बघा, खिडक्या पार जळालेल्या, दाराबाहेर काही दिसत नाही, नुसता उजेड, आणि त्या उजेडातून पात्रं आत येतात.

कोस्ता-गाव्रासचा 'झी', १९६९. ग्रीसमधल्या राजकीय खुनावर, पण शूटिंग अल्जीअर्सला. इथे तो युद्धाचा फोटोग्राफर परत जागा झालाय, गर्दी, चौक, धावपळ, आपण त्या गर्दीत चेंगरतोय असं वाटतं. आणि नीट बघा, ऑपरेशन करणारा इंग्लिश सर्जन म्हणून पडद्यावर कुतार स्वतः आहे.

मग १९७० ला स्वतः दिग्दर्शन केलं, 'होआ बिन्ह'. व्हिएतनामला परत गेला, युद्ध चालू असताना, आणि एका लहान मुलाची गोष्ट सांगितली. कान महोत्सवात पहिल्या सिनेमाचं बक्षीस मिळालं, ऑस्करला परदेशी सिनेमांत नॉमिनेशन मिळालं. ज्या देशात तरुणपणची दहा वर्षं गेली तिथे तो फौजी फोटोग्राफर म्हणून गेला होता, परत गेला तो एका पोराच्या उंचीवरून बघायला.

आणि त्या जुन्या मित्राला, शोंडोर्फरला, विसरला नाही. त्याच्या १९७७ च्या 'ल क्राब-तांबूर'मध्ये उत्तर अटलांटिकवर नौदलाच्या जहाजावर शूटिंग, करडा समुद्र, करडं आकाश, बर्फाळ फेस. नव्या लाटेतल्या (गोदार, त्रुफो वगैरे तरुण मंडळींच्या) एवढ्या सिनेमांनी दिला नाही तो सेझार हा फ्रेंच सिनेमाचा पुरस्कार त्याला याने दिला. अर्थात सेझार सुरूच झाले १९७६ ला, तेव्हा तक्रार करण्यात अर्थ नाही.

शेवटची वर्षं दिग्दर्शक फिलिप गारेलबरोबर, त्यात ब्लॅक अँड व्हाइटही, २००१ पर्यंत. गेला २०१६ मध्ये, ब्याण्णव वर्षांचा होऊन.


मधली_ओळ:

एक राहिलं आणि ते राहून चालणार नाही. 'वीकेंड'नंतर गोदार आणि कुतार वेगळे झाले. गोदार गेला क्रांतीकडे, कुतारला त्यात रस नव्हता, १९८० ला तर त्याने फ्रेंच पॅराशूट सैनिकांच्या मोहिमेवर सिनेमा दिग्दर्शित केला, आता बोला. दोघं परत एकत्र आले ते थेट 'पॅशन'मध्ये, १९८२.

आणि 'पॅशन' कशावर आहे, तर लाइटवर! एक पोलिश दिग्दर्शक स्टुडिओत रेम्ब्रांट, गोया, दलाक्रुआ यांची चित्रं जिवंत माणसं उभी करून शूट करायला बघतोय आणि त्याला उजेड मिळत नाहीये. सगळं तयार, नट तयार, पैसे संपतायत, प्रोड्यूसर डोक्यावर बसलाय आणि हा म्हणतोय लाइट बरोबर नाही. तिकडे पडद्यामागे कुतार, ज्याला कारकीर्दभर सगळ्यात पटापट लाइट करणारा म्हणून ओळखलं गेलं. त्याच्याकडून गोदारने हे करून घेतलंय. त्यातले ते चित्रांचे सेट बघा, मोठमोठे, अंधारातून उजळत जाणारे, कुतारला हेही येत होतं आणि त्याने वीस वर्षं ते केलं नाही.


अर्धवट_रीळ:

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं मिळेल असं वाटलं नव्हतं. मित्राला धाग्याची लिंक पाठवली, त्याचं उत्तर आलं "बरं", म्हणजे तो हरलाय.

काल 'पॅशन' लावला, गोष्ट अर्धी कळली नाही पण दिग्दर्शक जेव्हा जेव्हा लाइट बरोबर नाही म्हणाला तेव्हा तेव्हा हसू आलं. 'कंटेम्प्ट'मधला दिव्याचा शॉट तीनदा बघितला. एकदा आवाज बंद करून.

आज 'लोला' सुरू केलाय आणि एक शंका. पांढरं खरंच एवढं फुटलेलं आहे का? कॅफेत बसलेल्यांच्या मागे खिडकीत काहीच दिसत नाही, कडा पण विरघळल्यासारख्या दिसतात. की माझ्याकडची प्रिंट खराब आहे?


उजेडवाली:

प्रिंट ठीक असणार. मूळ निगेटिव्ह आगीत गेली होती, पुढे दमीची बायको, दिग्दर्शिका आन्येस वार्दाने पुढाकार घेऊन सिनेमा रिस्टोर करून घेतला, त्यामुळे थोडा मऊपणा त्याचाही असेल. पण खिडक्या फुटलेल्या आहेत त्या कुतारनेच फोडल्यात. आतल्या माणसांवर एक्स्पोजर ठेवलं आणि बाहेरचं जळू दिलं, दुसरा कोणी असता तर काचेवर जेल (उजेड कमी करणारा पारदर्शक कागद) लावत बसला असता. टीव्हीचा ब्राइटनेस कमी करू नका, तसाच बघा.